लेबलच्या कागदाआधी चौघांचा कागद

पत्राचा सारांश (ओळख कळू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत): ठाण्यात राहणारी ही वाचक २७ वर्षांची आहे. ऐरोलीच्या एका आयटी कंपनीत नोकरी करते, महिन्याला हातात ५२ हजार येतात. कॉलेजच्या एकांकिकांना संगीत देता देता चौघांचा एक मराठी पॉप बँड जमला. ती गाणी लिहिते, चाली बांधते, कीबोर्ड वाजवते. गिटार वाजवत गाणारा तिचा कॉलेजपासूनचा जवळचा मित्र. सहा वर्षांत स्वतःच्या खर्चाने आठ गाणी केली. गेल्या पावसाळ्यात त्यातल्या एका गाण्याच्या तुकड्यावरचं रील १८ लाख वेळा पाहिलं गेलं. स्ट्रीमिंगवर तेच गाणं वर्षभरात ६१ हजार वेळा वाजलं आणि हातात आले साडेचार हजार रुपये. आता एका म्युझिक कंपनीने (लेबलने) करार पुढे केला आहे: तीन वर्षं, सहा गाणी, दीड लाख आगाऊ, गाण्यांचे सर्व हक्क कायमचे कंपनीकडे, शिवाय कार्यक्रमांच्या मानधनात ३० टक्के. कंपनीने फोन केला तो गायकाला एकट्याला, आणि हे तिला ड्रमरकडून कळलं. बेसवाला नोकरीसाठी पुण्याला गेला आहे. वडिलांचं म्हणणं, छंद म्हणून ठीक, नोकरी सोडायची भाषा नको. ती विचारते: ‘ताई, नोकरी सोडून पूर्णवेळ बँड करू, की बँडच सोडू? दोन्हीकडे अर्धवट राहून मी कुठलीच राहिले नाही. आणि ठाण्यात राहून हे होतं तरी का? सगळं अंधेरी-वांद्र्यालाच असतं.’

प्रिय मैत्रिणी,

नोकरीबद्दल तू भरपूर लिहिलंयस, वडिलांबद्दल लिहिलंयस, कराराची कलमं तर जशीच्या तशी उतरवून पाठवलीस. गायक मित्राबद्दल मात्र दोनच वाक्यं आहेत: ‘त्याने मला सांगायला हवं होतं. मी स्वतःहून विचारणार नाही.’ मला वाटतं, तुझं पत्र या दोन वाक्यांसाठी लिहिलं गेलं आहे. नोकरी की बँड, हा प्रश्न सोडवायला आधी काही गोष्टी ठरलेल्या असाव्या लागतात. गाणी कोणाची, बँडचं नाव कोणाचं, आलेला पैसा कसा वाटायचा, उद्या एकजण निघून गेला तर पुढे काय. सहा वर्षांत तुम्ही चौघं यातलं काहीच एकमेकांशी बोललेला नाहीत. ज्याच्यासाठी नोकरी सोडायची त्यात आपलं नेमकं काय आहे हेच ठाऊक नसेल, तर सोडण्या-धरण्याचा हिशेब मांडणार कशावर?

म्हणून माझं उत्तर आधीच सांगते. नोकरी आत्ता सोडू नकोस. बँडही सोडू नकोस. आणि कंपनीचा कागद आज ज्या रूपात आहे त्या रूपात चौघांपैकी कोणीही त्यावर सही करू नका.

सुरुवात मित्रापासून करू. कंपनीने त्याला एकट्याला फोन केला, यावरून तू धरून चाललीस की तो वेगळा व्हायच्या तयारीत आहे. असेलही. पण कंपनीची माणसं फोन कोणाला करणार? रीलमध्ये ज्याचा चेहरा दिसतो त्यालाच. शिवाय बँडच्या पेजवर संपर्कासाठी त्याचाच नंबर दिलेला आहे, हे तूच लिहिलंयस. फोनवर त्याने काय उत्तर दिलं ते तुला माहीत नाही. ड्रमरला सांगितलं, म्हणजे लपवायचं नक्कीच नव्हतं. तुझ्यापाशी येताना मात्र तो कचरला. करारात गीतकार म्हणून, संगीतकार म्हणून तुझं नाव कुठेच नाही हे त्यालाही दिसलं असेल आणि तुला कोणत्या तोंडाने सांगायचं असं झालं असेल. किंवा त्याला खरंच एकट्याने जायचं असेल. यातलं खरं काय ते त्याच्याशी बोलल्याशिवाय कळणार नाही. तेव्हा मानापमान बाजूला ठेव आणि त्याला भेट. बँडच्या ग्रुपवर नको, फोनवर नको, जॅमपॅडचा, म्हणजे तालमीसाठी भाड्याने घेतलेल्या खोलीचा, तास संपताना केबल गुंडाळत घाईघाईने तर नकोच. संध्याकाळी तलावपाळीला दोघंच फेरी मारा आणि सरळ विचार, ‘तुला एकट्याला जायचंय का?’

उत्तर ‘हो’ आलं तर ऐकून घे. स्वतःच्या नावावर गावंसं वाटणं हा काही अपराध नाही. तुझी गाणी तुला न विचारता नेणं मात्र चालणार नाही, आणि त्याबाबतीत कायदा तुझ्या बाजूचा आहे. इथे मी जरा सविस्तर लिहिणार आहे, कारण गाणारी-वाजवणारी मुलं मला पत्रं लिहितात तेव्हा सगळ्यात जास्त अंधार याच ठिकाणी दिसतो.

एका गाण्यात दोन वेगळ्या मालमत्ता असतात. पहिली म्हणजे गाणं स्वतः, त्याचे शब्द आणि चाल. दुसरी म्हणजे त्याचं ध्वनिमुद्रण, ज्याला तुम्ही मंडळी ‘मास्टर’ म्हणता. १९५७च्या कॉपीराइट कायद्यानुसार शब्दांची पहिली मालकी लिहिणाऱ्याची, चालीची पहिली मालकी चाल बांधणाऱ्याची. ध्वनिमुद्रणाचा मालक म्हणजे ज्याने पुढाकार आणि जबाबदारी घेऊन ते करवून घेतलं तो निर्माता. तुमच्या आठही गाण्यांचे शब्द तुझे. सहा चाली तुझ्या, दोन तू आणि गायकाने मिळून बांधलेल्या. रेकॉर्डिंगचा खर्च चौघांनी वर्गणी काढून केला. म्हणजे शब्द-चालींवर मुख्यतः तुझा हक्क आणि मास्टरवर चौघांचा. गायक एकट्याच्या सहीने ही आठ गाणी कोणालाही देऊ शकत नाही. तूसुद्धा एकटीच्या सहीने मास्टर देऊ शकत नाहीस. तुझी निम्मी भीती इथेच कमी व्हावी.

२०१२ साली या कायद्यात मोठी दुरुस्ती झाली. तेव्हा राज्यसभेत असलेले जावेद अख्तर तिच्यासाठी किती झगडले, हे गाणी लिहिणाऱ्या प्रत्येकाने लक्षात ठेवावं. त्या दुरुस्तीमुळे गीतकार-संगीतकाराला असा एक हक्क मिळाला जो त्याला सोडून देताच येत नाही. गाण्याचा कॉपीराइट कंपनीला दिला तरी त्याच्या वापरातून येणाऱ्या रॉयल्टीत लिहिणाऱ्याचा आणि चाल बांधणाऱ्याचा बरोबरीचा वाटा राहतो. तो वाटा फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो, बाकी कोणाच्या नावे लिहून दिला तर तो करार तेवढ्यापुरता रद्दच ठरतो. तुला आलेल्या मसुद्यात ‘गीतकार व संगीतकार रॉयल्टीवरील सर्व हक्क कायमचे सोडत आहेत’ असं कलम आहे. ते टिकणारं नाही. तरीही ते लिहून पाठवलं आहे, यावरून समोरच्यांनी तुम्हाला किती अजाण धरलंय ते ओळख, आणि बाकीची कलमंही त्याच नजरेने वाच.

हा हक्क कायद्यात असला तरी पैसे आपोआप खात्यात येत नाहीत. त्यासाठी इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीचं, म्हणजे आयपीआरएसचं सभासद व्हावं लागतं. गीतकार, संगीतकार आणि संगीत प्रकाशकांची ही संस्था १९६९ पासून आहे, आणि मुंबईतच आहे. सभासद झालीस की एकेका गाण्याची नोंद करायची: शब्द कोणाचे, चाल कोणाची, कोणाचे किती टक्के. गायकांच्या हक्कांसाठी वेगळी संस्था आहे, तुझ्या मित्राने तिची चौकशी करावी. याशिवाय प्रत्येक ध्वनिमुद्रणाला आयएसआरसी नावाचा बारा अक्षर-अंकांचा क्रमांक असतो. गाणी ज्या डिस्ट्रिब्युटरमार्फत, म्हणजे ती स्ट्रीमिंग ॲपवर पोचवणाऱ्या कंपनीमार्फत, टाकलीत त्याच्या खात्यात तो सापडेल. आठही क्रमांक वहीत उतरवून ठेव. उद्या डिस्ट्रिब्युटर बदलला तर जुने आकडे त्याच क्रमांकाने गाण्याला जोडलेले राहतात.

आता कराराचे आकडे. दीड लाख आगाऊ म्हटलं की बक्षीस वाटतं. पण मसुद्यात लिहिलंय की ही रक्कम आणि व्हिडिओचा खर्च तुमच्या रॉयल्टीतून वळता केला जाईल. म्हणजे ते सगळं फिटेपर्यंत तुम्हाला पुढे रुपया मिळणार नाही. तुमच्या सगळ्यात चाललेल्या गाण्याने वर्षात साडेचार हजार आणले. सहाच्या सहा गाणी तितकीच चालली असं धरलं तरी वर्षाचे होतात २७ हजार. नुसते दीड लाख फिटायला साडेपाच वर्षं लागतील, आणि यात कंपनीचा स्वतःचा हिस्सा आणि व्हिडिओचा खर्च मी धरलेलाच नाही. दीड लाखांचे चौघांत साडेसदतीस हजार होतात. तेवढ्यावर सहा गाणी जन्मभरासाठी जायची. करारात मुदत लिहिलीच नसेल तर कायदा ती पाच वर्षं धरतो आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत धरतो. तुमच्या मसुद्यात ‘कायमस्वरूपी’ आणि ‘संपूर्ण जगात’ हे शब्द मुद्दाम घातलेले आहेत, म्हणून त्या तरतुदीचा तुम्हाला फायदा नाही.

कंपन्या वाईटच असतात असं मी म्हणत नाही. चांगला व्हिडिओ, प्लेलिस्टपर्यंतची ओळख, मालिका-चित्रपटांकडे जाणारी वाट, हे त्या देऊ शकतात आणि तुमच्यापाशी ते नाही. म्हणून नकार देण्याआधी उलट प्रस्ताव पाठवा. सहाऐवजी दोन गाणी. मालकी तुमचीच ठेवून कंपनीला पाच वर्षांचा परवाना, मुदत संपली की मास्टर परत. गाणं जिथे जिथे दिसेल तिथे गीतकार-संगीतकाराचं नाव. व्हिडिओवर ठरलेल्या रकमेपेक्षा जास्त खर्च करायचा तर चौघांची लेखी संमती. मानधनातला वाटा फक्त कंपनीने आणलेल्या कार्यक्रमांचा. कॉलेजच्या सरांनी ओळखीने दिलेल्या कार्यक्रमातले ३० टक्के त्यांना कशासाठी? आणि आणखी एक कलम आहे, ते तुझ्या नजरेतून सुटलेलं दिसतं: करार चालू असताना चौघांपैकी कोणीही दुसऱ्या कोणासाठी ‘संगीतविषयक काम’ करायचं नाही. तू नाटकांना पार्श्वसंगीत देतेस. सही केलीस तर तेही बंद होईल.

कंपनी कदाचित या प्रस्तावाला उत्तरही देणार नाही. न दिलं तर जाऊ दे. गाणी तुमच्यापाशीच राहतील.

पण हा उलट प्रस्ताव चौघांच्या वतीने जायचा तर आधी चौघांचं एकमत हवं, आणि ते कागदावर हवं. मैत्रीत कागद कशाला, असं तुम्हाला वाटत आलं असणार. मी ठाण्यातल्या छोट्या-मोठ्या कार्यक्रमांचे हिशेब बरीच वर्षं जवळून बघत आलेय. गाणी चालत नाहीत म्हणून मोडलेले गट त्यात थोडे दिसले. थोडंसं यश आलं आणि वाटणीचं काही ठरलेलं नव्हतं, म्हणून मोडलेले पुष्कळ दिसले. एकत्र धंदा करून नफा वाटून घेणाऱ्यांत वेगळं काही ठरलेलं नसेल तर १९३२चा भागीदारी कायदा सरळ समान वाटा धरतो. तुम्हाला तेच हवं असेल तर उत्तम. नको असेल तर आत्ताच बोला.

श्रेयाची वाटणी कशी करायची याबद्दल माझं मत पक्कं नाही, आणि इथे एकच एक बरोबर उत्तर असतं असंही मला वाटत नाही. डिसेंबर २०१९ मध्ये यू-टू आणि जानेवारी २०२५ मध्ये कोल्डप्ले हे परदेशी बँड नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर येऊन गेले. यू-टूच्या गाण्यांच्या संगीताचं श्रेय बँडच्याच नावावर असतं, आणि कोल्डप्लेच्या बहुतेक गाण्यांवर चौघांची नावं असतात. चाल एकाला सुचली तरी चौघांनी वाजवल्याशिवाय ती त्यांचं गाणं होत नाही, असा त्यामागचा विचार. दोन्ही बँड दशकानुदशकं टिकले, त्यात या वाटणीचा हात असावा असं मला वाटतं. पण तुझ्या बाबतीत मी लगेच ‘सगळं समान वाट’ म्हणणार नाही. शब्द पूर्णपणे तुझे आहेत आणि आयुष्यभर लिहिणं हीच तुझी पुंजी असणार आहे. मला सुचतं ते असं: शब्द आणि चालीचं श्रेय ज्याचं त्याला, दोन सामायिक चाली अर्ध्या-अर्ध्या. मास्टरचं उत्पन्न चौघांत समान. कार्यक्रमाच्या मानधनातून आधी जॅमपॅड, साउंडवाला आणि टेम्पोचा खर्च वजा करायचा, उरलेल्याचे पाच भाग करायचे, चार चौघांचे आणि पाचवा बँडचा. पुढचं गाणं त्या पाचव्या भागातून रेकॉर्ड होईल, वर्गणी काढावी लागणार नाही.

सध्या सगळे पैसे गायकाच्या खात्यात येतात आणि मग तो जीपे करतो. हे त्याच्यावरही अन्यायाचं आहे, कारण ते त्याचं एकट्याचं उत्पन्न दिसतं आणि आयोजकाने कापलेला टीडीएसही त्याच्याच पॅनवर चढतो. भागीदारीचा साधा करार करून बँडच्या नावाने पॅन आणि चालू खातं काढा. ठाण्यातला कोणताही सीए हे करून देईल.

मग नाव. तुमचं नाव चांगलं आहे, दुसऱ्या कोणी घेण्याआधी त्याची ट्रेडमार्क नोंदणी करा. मनोरंजन सेवा ४१व्या वर्गात येतात. व्यक्तीने ऑनलाइन अर्ज केला तर एका वर्गाचं सरकारी शुल्क ४,५०० रुपये आहे आणि नोंदणी दहा वर्षं चालते. त्याबरोबर एक गोष्ट लिहून ठेवा, जी लिहायला तुम्हाला सगळ्यात जड जाईल: कोणी सोडून गेलं तर नाव कोणाकडे राहील. इंडियन ओशन हा बँड १९९० साली दिल्लीत सुरू झाला तो सुष्मित सेन आणि अशीम चक्रवर्ती यांच्यापासून. अशीम २००९ साली गेले, सुष्मित २०१३ मध्ये बाहेर पडले. बँड त्याच नावाने आजही वाजवतो आहे. तुमचा गायक गेला तर तुम्ही तिघं काय करणार? नवा आवाज शोधणार, की तू स्वतः गाणार? पाठवलेल्या डेमोंत दोन ठिकाणी तुझा आवाज आहे आणि तो मला आवडला. याचा विचार तू कधी केलेला दिसत नाही.

बेसवाला पुण्याला गेला, त्याची एवढी काळजी नको. रेकॉर्डिंगचे ट्रॅक तो तिथून पाठवू शकेल. कार्यक्रमाला बदली वादक घ्यावा लागला तर त्याचं मानधन ठरलेलं ठेवा आणि वाट्यात त्याला आणू नका, एवढंच.

आता ते १८ लाख. हा आकडा तुझ्या पत्रात चार ठिकाणी येतो आणि प्रत्येक वेळी त्याच्याबरोबर ‘ही संधी परत येणार नाही’ असा सूर लागतो. रील पाहणाऱ्याला गाण्याचं नाव माहीत असतंच असं नाही, बँडचं तर क्वचितच. १८ लाखांचे ६१ हजार झाले, याचा अर्थ बहुतेकांनी तुकडा पाहिला आणि पुढे सरकले. निराश होऊ नकोस. ६१ हजार वेळा कोणीतरी मुद्दाम गाणं लावून ऐकलं, ही खरी कमाई आहे. तुमच्या उरलेल्या सात गाण्यांकडे बघ. त्यातली तीन गाणी वर्षभरात हजार वेळाही वाजलेली नाहीत, आणि स्पॉटिफाय २०२४ पासून बारा महिन्यांत हजार वेळा न वाजलेल्या गाण्याला रेकॉर्डिंगची रॉयल्टीच देत नाही. तेव्हा यापुढे गाणं तयार झालं की त्याच रात्री टाकायची घाई करू नका. प्लेलिस्टसाठी गाणं पुढे करायचं तर ते प्रकाशनाच्या किमान सात दिवस आधी द्यावं लागतं. तुम्ही चार-पाच आठवडे हाताशी ठेवा, म्हणजे त्या गाण्याबद्दल माणसांशी बोलायलाही वेळ मिळेल.

तुमची माणसं किती, हे मोजायचा माझा भरवशाचा उपाय तिकीट हा आहे. तीनशे रुपयांचं तिकीट लावून फक्त स्वतःच्या गाण्यांचा दीड तासाचा कार्यक्रम करा. घाणेकर नाट्यगृहातलं छोटं सभागृह मिळालं तर बघा, नाहीतर एखादा स्टुडिओ किंवा शाळेचा हॉलही चालेल. ८० माणसं आली तर २४ हजार जमतात. पबमध्ये रात्रभर हिंदी कव्हर, म्हणजे दुसऱ्यांची गाणी, वाजवून चौघांना मिळून १८ हजार येतात असं तू लिहितेस. खर्च जाऊन हातात कदाचित तेवढंच उरेल, पण त्या ८० जणांचे नंबर तुमच्याकडे असतील आणि तुमच्या गाण्यांचे शब्द त्यांना येत असतील.

याच ओघात ठाण्याबद्दल. अंधेरी-वांद्र्याला स्टुडिओ आहेत, कंपन्यांची ऑफिसं आहेत, ओळखी होतात, हे खरं. पण तुम्ही मराठीत गाता आणि मराठी ऐकणारी तरुण माणसं ठाण्यापासून डोंबिवली-कल्याणपर्यंत आणि हार्बरच्या बाजूने पनवेलपर्यंत राहतात. दिवाळीच्या पहाटे राम मारुती रोडवर आणि तलावपाळीला नटूनथटून जमणारी पोरं बघितलीस ना? तेच तुमचे श्रोते आहेत आणि त्यांच्यासमोर बहुधा दुसऱ्यांचीच गाणी वाजतात. घोडबंदर रोडवरच्या एकेका संकुलात शेकडो घरं आहेत. गणपती, कोजागरी, नववर्ष स्वागत यांसाठी त्यांच्या सांस्कृतिक समित्या दरवर्षी कार्यक्रम शोधत असतात. त्यांना सात ते दहा असा घट्ट बांधलेला कार्यक्रम हवा असतो, कारण दहानंतर लाउडस्पीकर लावता येत नाही, मोजक्या सवलतीच्या रात्री सोडल्या तर. अर्धी गाणी तुमची, अर्धी सर्वांना येणारी मराठी गाणी नव्या वाद्यमेळात, असा एक सेट बांधा आणि त्याचा पाच मिनिटांचा नीट ध्वनिमुद्रित व्हिडिओ करून या समित्यांना पाठवा. नवी मुंबईतल्या इंजिनियरिंग कॉलेजांचे फेस्ट आणि बेलापूरचं अर्बन हाट हीसुद्धा विचारण्याची ठिकाणं आहेत. अभंगांना आजचा बाज देणारा अभंग रिपोस्ट हा बँड किंवा मराठी हाउस (नाचाचं इलेक्ट्रॉनिक) संगीत घेऊन २०२४ मध्ये देशभर पोहोचलेला क्रेटेक्स यांनी भाषा बदलली नाही. तुम्हीही बदलू नका. कंपनीने ‘एक-दोन हिंदी करून बघा’ म्हटलंय, ते मला पटलेलं नाही. तुझी ताकद तुझ्या मराठीत आहे. लोकलच्या डब्यातलं बोलणं तू जसं गाण्यात आणतेस तसं हिंदीत तुला आणता येईल असं वाटत नाही.

नोकरीकडे शेवटी येते आहे, कारण ती सगळ्यात सोपी आहे. ‘अर्धवट’ हा शब्द तुला फार बोचतोय. अरुण दाते टेक्स्टाइल इंजिनियर होते आणि वर्षानुवर्षं नोकरी सांभाळून भावगीतं गायले. जनकवी पी. सावळाराम तर आपल्या ठाण्याचे नगराध्यक्ष होते. त्यांना कोणी अर्धवट म्हटलं नाही. फरक एक आहे आणि तो मान्य करायला हवा: त्या काळी गाणं लोकांपर्यंत नेण्याचं काम आकाशवाणी आणि रेकॉर्ड कंपन्या करत होत्या. आज ते तुमच्याच अंगावर आहे. आणि तुझं पत्र नीट वाचलं तर ते चौघांच्या अंगावर नसून तुझ्या एकटीच्या अंगावर आहे. रील कापतेस तू, पोस्टर करतेस तू, पबच्या मॅनेजरशी बोलतेस तू, हिशेब ठेवतेस तू. आठवड्यातून दोन तास वाजवतेस आणि दहा-बारा तास हे करतेस. तू थकलीस ती या कामाने. नोकरी सोडलीस तर मोकळा झालेला वेळही यातच जाईल. म्हणून चौघांच्या कागदावर कामांची वाटणीही लिहा. ड्रमर बोलका आहे म्हणतेस, आयोजकांचे फोन त्याच्याकडे द्या. व्हिडिओ बेसवाल्याकडे, ते पुण्यात बसूनही होतं. हिशेब सीएकडे.

नोकरी सोडण्याचा विचार कधी करायचा, तर तीन गोष्टी जमल्यावर. सलग बारा महिने बँडमधून, नाटकांच्या कामातून आणि रॉयल्टीतून मिळून तुझ्या वाट्याला घरखर्चाचा निम्मा तरी भाग निघतो आहे. सहा महिन्यांच्या खर्चाइतकी बचत बाजूला आहे. आणि यातलं निम्म्याहून जास्त उत्पन्न एकाच आयोजकावर अवलंबून नाही. तोवर आणखी एक काम कर: नेमणुकीचं पत्र काढून बघ. अनेक आयटी कंपन्यांत बाहेरच्या कमाईवर बंधन घालणारं कलम असतं. तसं असेल तर एचआरकडून लेखी परवानगी घे, कारण बँडच्या नावाने खातं काढल्यावर ही कमाई कागदावर दिसणार आहे.

वडिलांना हे तीन निकष दाखव. त्यांना संगीताचा राग आहे असं तुझ्या पत्रावरून वाटत नाही. तुझा पहिला कीबोर्ड त्यांनीच घेऊन दिलेला आहे. त्यांना भीती आहे ती मुलगी आकडे न मांडता उडी मारेल याची. आकडे मांडलेली वही त्यांच्यासमोर ठेवलीस तर ते तुझ्याशी वाद घालतील, पण तो आकड्यांवरचा वाद असेल.

तेव्हा या महिन्यात क्रमाने इतकंच कर. आधी मित्राला भेट. मग चौघं बसा, बेसवाला शनिवार-रविवार आला की. कागद तयार झाला की तो आणि कंपनीचा मसुदा दोन्ही कॉपीराइटचं काम करणाऱ्या वकिलाला दाखवा. फी बँडच्या पैशातून द्या आणि कंपनीने सुचवलेला वकील घेऊ नका. तोपर्यंत कंपनीला चौघांच्या नावाने एक छोटा मेल जाऊ दे: ‘प्रस्तावाबद्दल आभार. आम्ही चौघं मिळून मसुदा वकिलांना दाखवत आहोत, तीन आठवड्यांत लेखी कळवू. यापुढचा पत्रव्यवहार या पत्त्यावर करावा.’ पत्ता बँडचा द्या, कोणा एकाचा नको. त्यांनी ‘आजच सही करा, नाहीतर प्रस्ताव मागे घेतो’ असं म्हटलं, तर घेऊ दे मागे.

तुझी,
ताई